वाईट वाटणं आणि वाईट असणं

रेल्वेच्या डब्यात माझ्या समोरच्या बाकावर एक आई आणि तिची दोन मुलं होती. मुलगी आठ-नऊ वर्षांची, भाऊ पाचेक वर्षांचा. गाडी सुटायच्या आधीच खिडकीवरून भांडण जुंपलं. भाऊ खिडकीशी जाऊन बसला होता आणि बहीण पाय आपटत म्हणत होती, "हे बरोबर नाहीये! मी आधी सांगितलं होतं." आईनं आधी नेहमीचा उपाय करून पाहिला. "तू ताई ना त्याची? लहान आहे गं तो." काही उपयोग झाला नाही, रडणं उलट वाढलं. मग आईनं आवाज न चढवता विचारलं, "येताना खिडकीत कोण बसलं होतं?"

मुलीनं तोंड उघडलं आणि तसंच मिटलं. कानाच्या पाळ्या लाल झाल्या. खिडकीपासून ती हटली, बाकाच्या दुसऱ्या टोकाला जाऊन बसली आणि आम्हा सगळ्यांकडे पाठ केली.

ती पाठ अजून माझ्या डोळ्यांसमोर आहे. तिला आईचं म्हणणं पटलं होतं, पण बरं वाटलेलं नव्हतं. रुसवा जागच्या जागी होता. मग तिला तिथून उठवलं कशानं?

तत्त्वज्ञानातला एक जुना वाद नेमका इथे येऊन थांबतो. अमुक वागणं चांगलं, तमुक वाईट, असा निवाडा आपण दिवसातून कितीदा तरी करतो. तो निवाडा उभा कशावर असतो? आतून उसळणाऱ्या भावनेवर, की विचार करून काढलेल्या निष्कर्षावर?

आपल्या भाषेनं हा गुंता शब्दांतच बांधून ठेवला आहे. "मला वाईट वाटलं" आणि "हे वाईट आहे" या दोन वाक्यांत 'वाईट' हा शब्द एकच. पहिल्यात ते माझ्या मनात आहे, दुसऱ्यात जगात. आणि तो दुसरा लांबलचक शब्द घ्या, सदसद्विवेकबुद्धी. त्यात विवेक आहे, बुद्धी आहे, भावनेचं नावसुद्धा नाही. पण ही बुद्धी करते काय? टोचते! बेरीज चुकली तर बुद्धी टोचत नाही, चूक दुरुस्त करते आणि पुढे जाते. टोचणं हे भावनेचं काम. म्हणजे नाव बुद्धीचं आणि काम भावनेचं, असा हा प्रकार आहे.

भावनेची बाजू सगळ्यात धारदारपणे मांडली ती डेव्हिड ह्यूम या स्कॉटिश तत्त्वज्ञानं. मानवी स्वभावावरचा त्याचा मोठा ग्रंथ १७३९ आणि १७४० मध्ये आला, तेव्हा तो तिशीच्या आत होता. त्याच्या आधी सॅम्युअल क्लार्कसारखे विचारवंत सांगत होते की नीती ही गणितासारखी आहे. दोन आणि दोन चार हे जसं बुद्धीला दिसतं, तसंच उपकारकर्त्याला दगा देणं अनुचित हेही बुद्धीलाच दिसतं. ह्यूम म्हणाला, बघूया.

जाणूनबुजून केलेला एखादा खून घ्या. त्याची सगळ्या बाजूंनी तपासणी करा. कोणी मारलं, कशानं मारलं, का मारलं, हे सगळं कळेल. मारणाऱ्याचा हेतू कळेल, त्याचा राग कळेल. पण या यादीत 'वाईटपणा' नावाची वस्तू कुठे सापडते? ह्यूमचं उत्तर असं की जोवर तुम्ही घटनेकडे बघता आहात तोवर ती सापडणारच नाही. नजर वळवून स्वतःच्या छातीत डोकवा. तिथे त्या कृत्याबद्दल जी तिडीक उठलेली असेल, तीच ती.

याच्या जोडीला तो एक झाड पुढे करतो. ओकच्या झाडाचं बी त्याच झाडाखाली पडतं, रुजतं, रोप वाढत वाढत मूळ झाडाच्या वर जातं आणि शेवटी त्यालाच मारून टाकतं. मुलानं बापाचा जीव घेतला तर नातं हेच असतं. ज्यानं जन्म दिला, त्याचाच अंत जन्मलेल्याकडून. बुद्धीला वाईटपणा जर निव्वळ अशा नात्यात दिसत असेल, तर झाडालाही पितृहत्येचं पाप लागायला हवं. पण झाडावर कोणी रागावत नाही.

वाचताक्षणी मनात येतं की झाडाला कुठे कळतं? मुलाला कळत असतं, त्यानं ठरवून केलेलं असतं. ह्यूमनं याचंही उत्तर दिलं आहे. ते असं की इच्छा हे फक्त कृत्याचं कारण झालं, नातं काही त्यामुळे बदलत नाही. इथे तो घाई करतो असं माझं मत आहे. हेतू हा कृत्याच्या मागे उभा असतो असं नाही, तो कृत्याच्या आतच असतो. चुकून पाय देणं आणि मुद्दाम तुडवणं या दोन वेगळ्याच गोष्टी आहेत. तरी ह्यूमचा मूळ मुद्दा डगमगत नाही. माहिती कितीही गोळा करा, माहिती म्हणजे निषेध नव्हे.

त्याचा दुसरा मुद्दा मला जास्त जड वाटतो. नीती आपल्याला हलवते. दुसऱ्याला मदत करायला लावते, हात आखडता घ्यायला लावते. विचाराच्या अंगी मात्र ढकलण्याची ताकदच नाही. या वाटेनं गेलात तर नदी लागेल, हे विचार सांगू शकतो. नदीवर जायचं आहे की नाही, हे तहान सांगते. म्हणूनच ह्यूमनं ते धक्कादायक वाक्य लिहिलं, की बुद्धी ही भावनांची दासी आहे आणि तिनं दासीच असावं. त्याच्याही पुढे जाऊन तो म्हणतो की माझ्या बोटाला ओरखडा उठण्यापेक्षा सगळं जग नष्ट झालेलं बरं, असं एखाद्याला वाटलं तरी त्यात बुद्धीला विरोध असं काही नाही. ते वाटणं भयंकर आहे, पण त्यात हिशोबाची चूक दाखवता येणार नाही.

एवढं वाचून पुष्कळ लोक समजतात की ह्यूमच्या मते ज्याला जे वाटेल ते त्याच्यापुरतं खरं. तसं तो म्हणत नाही, आणि हा गैरसमज त्याच्यावर अन्याय करणारा आहे. एका मनातली भावना दुसऱ्या मनात उतरते, हा त्याच्या सगळ्या मांडणीचा पाया आहे. सारख्या ताणलेल्या तारांपैकी एक छेडली की बाकीच्याही थरथरतात, ही उपमा त्याचीच. पण जवळची तार जोरात वाजते आणि लांबची हळू. शेजारच्या माणसाचं दुःख पोटात कालवाकालव करतं, हजार मैलांवरचं तितकं करत नाही. तरीही आपण शेजाऱ्याचं दुःख मोठं आणि तिकडच्याचं क्षुल्लक असा निवाडा देत नाही. ह्यूम म्हणतो, लांबची वस्तू डोळ्याला लहान दिसते, पण ती खरोखर लहान झाली असं आपण मानत नाही, अंतर लक्षात घेऊन दुरुस्ती करतो. बऱ्यावाईटाचंही तसंच. आपण स्वतःच्या जागेवरून उठतो आणि सगळ्यांना सामाईक असेल अशा जागी उभे राहून बघतो.

आता ही दुरुस्ती कोण करतं? दासी म्हणवली गेलेली बुद्धीच ना? ह्यूमच्या घरात बुद्धीला दिलेली खोली त्याच्या घोषणेपेक्षा बरीच मोठी आहे.

त्याचा मित्र ॲडम स्मिथ. अर्थशास्त्रामुळे जगाला माहीत झालेला हाच तो. नैतिक भावनांवरचा त्याचा ग्रंथ १७५९ साली आला आणि पुढच्या आवृत्त्यांत वाढत गेला. त्यात तो एक प्रसंग रंगवतो. समजा, सगळं चीन भूकंपात गडप झालं. युरोपातला एखादा भला माणूस ही बातमी ऐकून हळहळेल, आयुष्याच्या अनिश्चिततेबद्दल चार वाक्यं बोलेल आणि रात्री शांत झोपेल. तेच उद्या त्याची स्वतःची करंगळी कापली जाणार असेल, तर रात्रभर डोळ्याला डोळा लागणार नाही. मग स्मिथ विचारतो की आपली करंगळी वाचवण्यासाठी हा माणूस त्या कोट्यवधींचा बळी देईल का? कल्पनेनंही अंगावर काटा येतो. भावना तर करंगळीच्या बाजूनं एवढी प्रबळ होती, मग तिला अडवलं कोणी? स्मिथ म्हणतो की हे मऊ काळजाचं काम नाही. हे विवेकाचं, आपल्या छातीत राहणाऱ्या त्या निःपक्ष प्रेक्षकाचं काम आहे. भावनांवर ग्रंथ लिहिणाऱ्या माणसानं ऐन अडचणीच्या जागी विवेकाला हाक मारली, हे मला फार महत्त्वाचं वाटतं.

बुद्धीची बाजू पूर्ण ताकदीनिशी लढवली इमॅन्युएल कांट या जर्मन तत्त्वज्ञानं. १७८५ साली आलेल्या त्याच्या छोट्या पण कठीण पुस्तकातलं एक उदाहरण साधं आहे. मला पैशांची गरज आहे. परत करता येणार नाहीत हे मला ठाऊक आहे, तरी परत करीन असं वचन देऊन मी पैसे उसने घेतो. कांट म्हणतो, हाच नियम सगळ्यांसाठी कर. अडचणीत असलेल्या प्रत्येकानं खोटं वचन द्यावं. तसं झालं तर वचन या गोष्टीवर कोणी विश्वासच ठेवणार नाही, आणि मग खोटं वचन देऊन पैसे मिळवणंही शक्य राहणार नाही. मला हवा असलेला नियम सगळ्यांना लागू केल्याबरोबर स्वतःलाच गिळतो. सगळ्यांनी पाळावा आणि मी तेवढा मोडावा, अशी पळवाट मी स्वतःसाठी ठेवू बघत होतो, हे उघडं पडतं. इथे कोणाची दया आली की नाही, याचा संबंधच नाही.

"येताना खिडकीत कोण बसलं होतं?" हा प्रश्न याच जातीचा आहे. आईनं मुलीला काही नवीन सांगितलं नाही. तिचाच नियम तिच्याकडे वळवून धरला.

पण कांटपुढेही एक अडचण उभी राहतेच. नियम कळला, तो माझ्यावरही लागू आहे हे कळलं. बरं, मग? मी तो का पाळू? कांटचं उत्तर असं की नियमाबद्दल मनात आदर उत्पन्न होतो. हा आदर म्हणजे भावनाच आहे हे तो नाकारत नाही, फक्त ती बाहेरून न येता बुद्धीच्या पोटी जन्मलेली आहे, असं म्हणतो. म्हणजे ह्यूमच्या घरात बुद्धी शिरली आणि कांटच्या घरात भावना.

विसाव्या शतकात भावनेच्या बाजूनं एक टोकाची मांडणी झाली. ए. जे. एअर या इंग्रज तत्त्वज्ञानं १९३६ साली म्हटलं की "चोरी वाईट आहे" या वाक्यात 'वाईट आहे' हे शब्द काहीच माहिती सांगत नाहीत, ते फक्त नापसंतीचा सूर लावतात. आपण "चोरी? शी!" म्हणावं, तसं. ऐकायला पटतं. पण आता हे वाक्य बघा. "चोरी वाईट असेल, तर धाकट्या भावाला चोरी करायला लावणंही वाईट." यात बोलणाऱ्यानं चोरीला शी म्हटलेलंच नाही, तो फक्त 'असेल, तर' म्हणतो आहे. आणि "शी असेल, तर" असं काही म्हणता येत नाही. तरीही त्या वाक्यावरून आपण पुढचा निष्कर्ष सरळ काढतो. म्हणजे 'वाईट' हा शब्द उद्गारापेक्षा जास्त काहीतरी वाहून नेतो. पीटर गीच या तत्त्वज्ञानं पुढे आणलेली ही अडचण भावनावाद्यांना आजही चुकवता येत नाही.

मग प्रयोगशाळा मध्ये आली. जोनाथन हाइट हे मानसशास्त्रज्ञ आणि त्यांचे सहकारी लोकांना काही विचित्र गोष्टी सांगून विचारत, यात चुकलं काय? त्यातली एक अशी. एका बाईला घरात देशाचा जुना झेंडा सापडतो. तिला तो नको असतो, म्हणून ती फाडून त्याची फडकी करते आणि संडास-न्हाणीघर पुसते. कोणी पाहिलेलं नाही, कोणाचं काही बिघडलेलं नाही. ऐकणाऱ्यांपैकी अनेक जण लगेच म्हणत, हे चूक आहे. का? मग कारणांची शोधाशोध सुरू होई. आणखी काही प्रसंगांत तर दिलेलं एकेक कारण खोडून काढलं, तरी माणसं म्हणत, "सांगता येत नाही, पण चूक आहे." २००१ साली हाइट यांनी निष्कर्ष मांडला की निवाडा आधी होतो, झटक्यात आणि भावनेनं. विचार नंतर येतो, वकिलासारखा, आधीच ठरलेल्या निकालाची बाजू मांडायला.

यात सत्याचा मोठा अंश आहे, आणि स्वतःच्या भांडणांकडे प्रामाणिकपणे पाहिलं तर तो सापडतोही. पण "कारण सांगता येत नाही" आणि "कारण नाही" यांत अंतर आहे. सायकल तोल कसा सांभाळते हे चालवणाऱ्याला सांगता येत नाही, म्हणून त्यामागचे नियम नाहीसे होत नाहीत. शिवाय "कोणाचं काही बिघडलं नाही" ही गोष्टीतली अट ऐकणाऱ्यानं मनापासून मानलेली असतेच असं नाही, असा आक्षेप नंतरच्या संशोधकांनी घेतला आहे.

रुळावर बेफाम सुटलेल्या गाडीचं कोडं आता पुष्कळांना माहीत आहे. फिलिपा फूट या तत्त्वज्ञ बाईंनी १९६७ साली ते मांडलं आणि ज्युडिथ जार्विस थॉमसन यांनी त्याला पुलावरच्या माणसाची जोड दिली. गाडी रुळावरच्या पाच माणसांवर चालून येते आहे. खटका ओढून ती दुसऱ्या रुळावर वळवली तर पाच वाचतात, तिथला एक मरतो. बहुतेक लोक म्हणतात, ओढावा. पुलावरच्या धिप्पाड माणसाला गाडी अडवायला खाली ढकललं तरी पाच वाचतात, एक मरतो. बहुतेक लोक म्हणतात, छे! जोशुआ ग्रीन आणि सहकाऱ्यांनी २००१ साली मेंदूचे स्कॅन घेतले, तेव्हा ढकलण्यासारख्या प्रसंगांत मेंदूचे भावनेशी निगडित भाग जास्त जागे झालेले दिसले. २००७ साली आणखी एक अभ्यास आला. कपाळामागच्या, भावनांशी जोडलेल्या एका भागाला इजा झालेले सहा रुग्ण त्यात होते. त्यांची बुद्धी शाबूत होती, पण अशा प्रसंगांत ते इतरांपेक्षा कितीतरी अधिक वेळा "ढकलावं" म्हणाले. भावना मंदावली आणि उरला तो हिशोब.

यावरून कोणी म्हणतं, बघा, भावना आड येते म्हणून आपण चार जास्तीचे जीव गमावतो. कोणी म्हणतं, बघा, भावना गेली की माणूस माणसाला वस्तूसारखा वापरायला तयार होतो. मेंदूचं चित्र दोघांनाही एकच दिसतं आहे. कोणतं उत्तर योग्य, हे त्या चित्रात लिहिलेलं नाही. 'काय आहे' यावरून 'काय असावं' इथे उडी मारू नका, असा इशारा ह्यूमनंच देऊन ठेवला होता.

एवढी वर्षं या विषयावर वाचून आणि वाद घालून माझं मत कुठे येऊन ठरलं आहे, ते सांगते. भावना म्हणजे नुसती उसळी नसते, तिच्या पोटात एक दावा असतो. राग म्हणतो, मला डावललं. लाज म्हणते, मी असं वागायला नको होतं. दावा असतो म्हणून तो खरा किंवा खोटा ठरू शकतो, आणि विचाराला शिरायला वाट मिळते ती तिथूनच. समोरच्या बाकावर मी हेच घडताना पाहिलं. "तू ताई ना" हे भावनेला भावनेनं शमवणं होतं, आणि ते फसलं. दुसऱ्या प्रश्नानं रडण्याला हातही लावला नाही. रडण्याच्या पोटातला "खिडकीवर माझा हक्क आहे" हा दावा तेवढा तपासला, आणि दावा पडला. पण त्या मुलीला न्यायाची चाडच नसती, "बरोबर नाहीये" या शब्दांनी ती मुळात पेटलीच नसती, तर आईच्या प्रश्नाला धरायला जागाच मिळाली नसती.

गुलामांच्या व्यापाराविरुद्धच्या चळवळीनं १७८७ साली वापरलेलं एक पदक आहे. जोसाया वेजवूड या कुंभारकामाच्या कारखानदारानं ते बनवून वाटलं. त्यावर बेड्या घातलेला, गुडघे टेकलेला, हात जोडलेला एक माणूस आहे आणि भोवती प्रश्न कोरलेला आहे, "मी माणूस नाही का? भाऊ नाही का?" चित्र काळजाला हात घालतं. प्रश्न वेगळं काही करतो. माणसाला कसं वागवावं, हे तुमचंच म्हणणं आहे ना? मग मी त्यात बसतो की नाही, सांगा. चित्रावर थांबलं असतं तर दया दाखवून लोक घरी गेले असते. प्रश्नावर थांबलं असतं तर तो वाचायला कोणी थांबलंच नसतं. ब्रिटिश कायद्यानं तो व्यापार बंद व्हायला १८०७ साल उजाडलं, आणि वसाहतींमधली गुलामगिरी संपवणारा कायदा १८३३ साली झाला. व्यापाऱ्यांनाही भावना होत्या. आपल्या मुलाबाळांवर त्यांचं प्रेम होतंच. त्यांची माया कुठे येऊन थांबते, ती रेघ मात्र त्यांनी कधी तपासली नव्हती.

एक प्रश्न मला अजून सुटलेला नाही, आणि दोन्ही पक्षांची खरी कसोटी तिथेच आहे. ज्याला काहीच टोचत नाही, दुसऱ्याच्या वेदनेनं ज्याच्या आतली तार हलतच नाही, त्याला निव्वळ युक्तिवादानं "तू हे करू नकोस" हे पटवता येईल का? ह्यूमचं उत्तर नाही असं येतं. कांटचं होय असं, कारण नियम त्याच्यावरही तितकाच बंधनकारक आहे. बंधन असणं मला मान्य आहे. ते त्याच्यापर्यंत पोचवायचं कसं, हे मला दिसत नाही.

त्या मुलीला मात्र टोचलं होतं. ह्यूम म्हणाला असता की तिला उठवलं ते एका शांत भावनेनं. अशा भावना आवाज करत नाहीत म्हणून आपण त्यांना बुद्धी समजून बसतो, असं त्यानं लिहूनच ठेवलं आहे. कांट म्हणाला असता, रुसवा तसाच असताना ती उठली, हाच बुद्धीचा पुरावा. मी दोन स्टेशनं त्या पाठीकडे बघत राहिले. मग पाठ तशीच ठेवून ती बोलली.

"आई, अर्धा रस्ता कुठे येतो गं?"

"का गं?"

"पुढच्या वेळी जाताना पण अर्धं-अर्धं बसायचं आणि येताना पण. म्हणजे कुणालाच इतकं वाईट वाटणार नाही."